माहेराकडनं आलेला थॅलेसेमिया

"दोघांचेही रिपोर्ट एकसारखेच आलेत," सांगलीच्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या, आणि मी हसले की हो! म्हटलं, येणारच. सून वैशाली माझ्या सख्ख्या भावाची लेक. आमच्यात मामाची मुलगी करायची रीतच आहे.

बाई मात्र हसल्या नाहीत. "दोघंही थॅलेसेमियाचे कॅरियर आहेत."

कॅरियर म्हणजे वाहक. त्याला स्वतःला काही होत नाही, रक्त जरा कमी असतं एवढंच. पण आईबाप दोघंही वाहक असले, तर दर खेपेला चारात एक धोका, की बाळाला मोठा थॅलेसेमिया होईल. मग त्या लेकराला जन्मभर बाहेरचं रक्त चढवत राहायचं.

पोट राहीना म्हणून आम्ही आलो होतो. पोरगा फौजेत, त्याच्या सुट्टीतच तपासण्या उरकल्या. वैशूचं रक्त कायमच कमी. मी बीट, गूळ, खजूर चारून चारून दमले होते!

बाहेर बाकड्यावर वैशू रडायला लागली. "आत्या, माझ्यामुळंच झालं. ह्यास्नी दुसरी बघा."

"गप गं," म्हटलं, आणि आत जाऊन हात पुढं केला. माझंबी रक्त घ्या. बाई म्हणाल्या, "आजी, तुमची गरज नाही." पण घेतलं.

मीही कॅरियर निघाले! वैशूला म्हटलं, "बघ, म्हायेरनं दिलंय आपल्याला. दोघींचं म्हायेर एकच. रडतीस कशाला?" त्या दिवशी पोरगी पोटभर जेवली.

औषधांनी पुढं वैशूला दिवस गेले. मग सीव्हीएस केली, म्हणजे सुईनं वारेचा कणभर तुकडा घेऊन बाळाला मोठा थॅलेसेमिया आहे का ते तपासतात. वाईट आलं तर काय, हे घरात कुणी मोठ्यानं बोललं नाही. औंधला यमाईपुढं मी नुसती हात जोडून बसले.

तेवढ्यात भाऊ त्याच्या धाकट्या लेकीचं विचारायला आला. "तुझ्या धाकट्याला करतीस न्हवं?"

"दादा, आधी दोघांचं रक्त तपासू, मग सुपारी फोडू."

रुसला, चहा न पिता गेला. पण धाकटीला घेऊन सांगलीला गेलाच. तुम्हालाही तेच सांगते बायांनो, साध्या रक्ताच्या तपासणीत कळतं. लाजू नका.

बाळाच्या रिपोर्टचा फोन वैशूनंच घेतला. हसत-रडत म्हणाली, "आत्या, आपल्यासारखंच हाय!" म्हणजे नुसतं कॅरियर.

तेच रक्त घेऊन मी ऊस लावला, तीन पोरं वाढवली. म्हटलं, "मग लय झालं की गं!"