दुपारी दोनला संपलेलं काम

गंजक्या तारेचा वास आला की मला कारखान्यातला पहिला आठवडा आठवतो. वरठीच्या एका कारखान्यात सळ्यांची बंडलं तारेनं बांधायला मी लागलो होतो, आणि तिकडे गावी, करडीला, आमची धानाची रोवणी अडली होती. उपटलेले पऱ्हे, म्हणजे धानाची रोपं, शेतातल्या बांधीत वाळत होते. बाबा एकटेच, कारण गावातले रोवणारे हातही माझ्यासारखेच कारखान्यांत गेलेले. म्हणून एक दिवस मी पाण्याचा घोटही न घेता बांधत सुटलो. धानाच्या पेंड्या बांधून हात तयार होतेच. दिवसाची चाळीस बंडलं दोन वाजताच संपवली आणि डबा घेऊन फाटकाशी गेलो. गुत्त्याचं, म्हणजे ठरवून दिलेलं, काम उरकलं की घरी जायचं, एवढंच मला ठाऊक. "कुठं चालला बे?" चौकीदारानं विचारलं. "काम झालं ना जी! घरी रोवणा आहे." तो हसत हसत स्टुलावर बसला. "काम झालं तं काय झालं? पाच वाजल्याबिगर फाटक नाही उघडत." फाटकाच्या गजांतून बाहेर उभी माझी सायकल दिसत होती. "पऱ्हे वाळून राहिले जी माहे!" मी हात जोडले. तेवढ्यात साहेब आले. त्यांनी बंडलं पाहिली, माझी पाठ थोपटली आणि मला परत आत पाठवलं. पाचपर्यंत आणखी वीस बांधून घेतली. पऱ्हे गेले. दुसऱ्या दिवशी फळ्यावर सगळ्यांसाठीच आकडा लिहिला होता, साठ. अजूनही तोच आहे. नवे कामगार घाम पुसत विचारतात, "काकाजी, हा आकडा कोण्या गाढवानं ठरवला?" मी सांगतो, "माझ्या आधीपासूनचा आहे, बाबा."