न धुतलेली लडी

थांबेमास्तरांचा धंदा वेळेचा होता. म्हणजे घड्याळं दुरुस्त करण्याचा नव्हे. ते कुणालाही जमतं, असं मास्तर नाक मुरडून सांगत. ते वेळ वाढवून देत. न्हाव्याच्या दुपारच्या डुलकीला जोड द्यायची, उतू चाललेलं दूध बाई धावत येईपर्यंत धरून ठेवायचं, भांडणात नेमका टोमणा सुचेपर्यंत समोरच्याला ताटकळत ठेवायचं, असली कामं. या शेवटच्या कामाला गिऱ्हाईक सगळ्यात जास्त. गल्लीत एकापेक्षा एक कारागीर होते, शेजारची बाई तर फाटक्या सावल्या रफू करायची, पण रांग लागायची ती मास्तरांच्याच दारात.

आता वेळ काही आभाळातून पडत नाही. एकीकडून काढावा तेव्हाच दुसरीकडे घालता येतो. मास्तर तो काढत दातांच्या दवाखान्यातल्या बाकांवरून, कचेऱ्यांच्या व्हरांड्यांतून, जिथे माणसं जांभया देत नंबराची वाट पाहतात तिथून. कोपऱ्यात बसायचं, अंगठा आणि करंगळीभोवती लोकांचं ताटकळणं हलक्या हाताने गुंडाळायचं, की झाली लडी. बाकावरच्यांना वाटे, आज नंबर लवकर लागला. ही रद्दी आहे, असं मास्तर म्हणत. कुणालाच नको असलेलं आपण उचलतो, यात पाप कसलं?

एक पथ्य मात्र होतं. लडी साबणाच्या पाण्यात भिजवून, पिळून, सावलीत वाळवल्याशिवाय वापरायची नाही. कारण वेळ जिथला, तिथला कंटाळा त्याला चिकटलेला असतो.

मास्तरांना एकुलती एक मुलगी. बापाच्या धंद्याकडे तिने ढुंकूनही पाहिलं नाही. तिला ढग वळायला शिकायचं होतं, गुरं वळतात तसे. डोंगरापलीकडच्या ढगवाल्यांनी तिला बोलावणं धाडलं आणि दुपारच्या उडत्या गालिच्याने निघायचं ठरलं. मास्तर वरवर म्हणाले, जा की. आतून पार हलले होते. निदान निघायच्या दिवशीची सकाळ भरपूर लांबवायची, तिघांनी पोटभर बोलायचं, असं त्यांनी मनाशी पक्कं केलं. बायकोला सांगितलं नाही. सांगितलं असतं तर तिने आधी विचारलं असतं, लडी धुतली का?

आणि धुतली नव्हती. आदल्या संध्याकाळपर्यंत मास्तर हावरटासारखे जमवतच राहिले, त्यामुळे लडी भली जाडजूड झाली आणि ती वाळवायला सवड उरली नाही. वेळेच्या मास्तरालाच सवड नाही, हे कळतं तर गल्ली पोट धरून हसली असती. एकदा न धुता वापरली म्हणून काय आभाळ कोसळणार आहे, असं म्हणत त्यांनी सकाळी चहा होताच स्वयंपाकघरात ती सोडली.

सकाळ लांबली. सुरेख लांबली. फरशीवरची उन्हाची तिरीप जागच्या जागी थबकली. मास्तर खुर्ची ओढून मुलीशी बोलायला बसले आणि काय बोलायचं तेच विसरले. मुलगी भिंतीला टेकून जुनं मासिक चाळू लागली. बायकोने तिच्याशेजारी खुर्ची मांडली, पिशवी मांडीवर घेतली आणि दाराकडे नजर लावली. मग अनोळखी माणसाला विचारावं तसं तिने मास्तरांना विचारलं, “तुमच्या आधी कोण आहे हो?”

“बहुतेक या बाई,” मास्तर मुलीकडे बोट दाखवून म्हणाले, आणि स्वतःच चपापले.

चूक कळली, पण कंटाळा त्यांच्याही अंगात भिनला होता. कुणाला कुणाशी बोलावंसं वाटेना. मास्तरांची धडधाकट दाढ उगाचच ठणकू लागली. शेवटी मुलीने मासिकातून डोकं वर काढलं, बापाच्या बोटांत अडकलेल्या लडीच्या टोकाकडे पाहिलं आणि ओळखलं.

“बाबा, धुतली नव्हती ना?”

मास्तरांनी मान खाली घातली.

“मग आवरा ते. आहे तेवढ्या वेळात भागवू.”

भागणार नव्हतं, हे दोघांनाही ठाऊक होतं. मास्तरांच्या अगदी जिवावर आलं, तरी त्यांनी बोटं झटकली. दुपार एकदम अंगावर आली. पेटीचं झाकण लागेना म्हणून मास्तर त्यावर बसले, बायको मोजे शोधत साऱ्या घराला बोल लावत सुटली, आणि बोलणं असं काही झालंच नाही. गालिच्यांच्या तळावर तिघं धापा टाकत पोचली तेव्हा मास्तरांचं तोंड एवढंसं झालं होतं. लेकीची घरातली शेवटची सकाळ आपण दातांच्या दवाखान्यात घालवली, हे त्यांना गिळवत नव्हतं.

तळावर बघतात तो गालिचा जमिनीवरच. कोपरा उंदरांनी कुरतडला होता आणि गालिचेवाला तो शिवायला बसला होता. प्रवासी बाकांवर चुळबुळत, उंदरांना, मांजरांना आणि एकूणच कारभाराला नावं ठेवत होते. एवढ्यात एका जाड्या व्यापाऱ्याने मास्तरांना ओळखलं. इथे तुमच्या धंद्याचा ढीगभर माल पडलाय, तो गुंडाळा आणि आमची सुटका करा, असा त्याने आग्रह धरला. बाकीच्यांनीही गलका केला. मास्तरांचा अंगठा आपोआप करंगळीकडे वळला.

“आज दुकान बंद आहे,” मास्तर म्हणाले.

ते बायको आणि मुलीच्या मधे बाकावर बसले आणि बोटांनी सवयीने घात करू नये म्हणून दोन्ही हात मांड्यांखाली दाबून ठेवले. लोक चिडले, काहीबाही बोलले. मास्तरांनी तिकडे कानाडोळा केला. मुलीने तिकडच्या थंडीबद्दल विचारलं. आईने मोजे कुठे ठेवलेत ते सांगितलं, पुन्हा सांगितलं. ढग चावतात का, अशी शंका मास्तरांनी काढली तेव्हा दोघी हसल्या. मग घरात आईसमोर धीटपणे वावरणारी ती पोर बापाच्या खांद्यावर डोकं टेकून हळूच म्हणाली, “बाबा, मला भीती वाटते.”

“मलाही,” मास्तर म्हणाले. त्यांनी हात मोकळे केले आणि तिचा हात धरला.

समोर गालिचेवाला डोळे बारीक करून सुईत दोरा ओवत होता, आणि त्याला तो काही केल्या ओवता येत नव्हता.