फळं चालतात

गोंदिया स्टेशनवर गाडी हलली तरी आई खिडकीतून हात काढत नव्हती, ते तुला आठवत असेल, शीला. तू तिच्या मागे रडत उभी होतीस. टॉवेलात गुंडाळलेली बुद्धाची पितळी मूर्ती तिनं माझ्या मांडीवर ठेवली. लग्न झालेल्या मुलीला आया सांगतात तसं संसाराचं काही सांगितलं नाही. एवढंच म्हणाली, "लोक घरी आले त फळं ठेवजो. फळं चालतात."

आपल्याला त्याचा अर्थ सांगायची गरज नव्हती. मास्तरांची बायको आली की आई केळं पुढे करायची. केळं ती खायची, चहा मात्र "आत्ताच झाला" असायचा. सालीच्या आत कोणाचा हात पोचत नाही म्हणे.

रायपूर तेव्हा नुकतंच राजधानी झालं होतं. भोपाळहून आलेले साहेब, बाबू, सगळेच घर शोधत हिंडत होते. यांची नोकरी सिलतऱ्याच्या लोखंडाच्या कारखान्यात, तीही नवीन. तात्यापाऱ्यात दोन खोल्या मिळाल्या त्या केवळ आम्ही मराठी बोलतो म्हणून. घरमालकीण काकूंचे पणजोबा अमरावतीकडून आलेले. त्यांची मुलं हिंदीत उत्तर द्यायची, त्यामुळे काकू मराठी ऐकायला आसुसलेल्या. आमचं आडनाव कुठल्याही जातीत खपणारं. त्यांनी विचारलं नाही, आम्ही सांगितलं नाही. हे म्हणाले, आधी जम बसू दे. मला सातवा महिना लागला होता. मूर्ती पेटीत, टॉवेलातच.

जिना वाजला की मी आधी पेटीला कडी आहे का बघायची. आपल्याकडचं कोणी येणार म्हटलं की काळजी, दारातच मोठ्यानं जय भीम घातला तर काय करायचं. आपल्याच माणसांना भिऊन राहायची पाळी आली होती. घर गेलं असतं तर त्या अवस्थेत, त्या गर्दीच्या दिवसांत दुसरं मिळणार नव्हतं.

एका सकाळी काकू सांगून गेल्या, संध्याकाळी चार बायकांना घेऊन येते, तुला बघायचं म्हणतात. मी डबे उघडून बघितले. घरात बेसन होतं, भजी झाली असती. पण माझ्या हातचं शिजवलेलं खाल्लं आणि उद्या कळलं, तर म्हणतील, फसवून खाऊ घातलं. मग आईचं वाक्य आठवलं. यांच्या साहेबांच्या घरी मी पाहिलं होतं, फळाचा तुकडा आणि चीजचा तुकडा एका टूथपिकवर. चूल पेटवायची नाही, वर फॅशनही.

गोलबाजारातून चीजचा डबा आणला. आपला जाम, म्हणजे पेरू, इथले लोक बिही म्हणतात, तो जरा कच्चा घेतला. त्यावर चीज, काळं मीठ आणि तिखट. गोड म्हणून अननस, चीज आणि मधाचा थेंब. चीज मी पहिल्यांदाच चाखलं. साबण चावल्यासारखं लागलं, पण जामासोबत निभावून गेलं. चिरताना सुरी मी पुन्हा पुन्हा धूत होते. कशासाठी, ते माझं मलाच कळत नव्हतं.

बायका आल्या. काकूंनी एक काडी संपवली, दुसरी उचलली. लई मस्त झालं म्हणाल्या. मी ताटली पुढे सरकवली. तेवढ्यात तिखटानं सू सू करत, अगदी सहज त्यांनी विचारलं, "बाई, तुम्ही लोक कोणते म्हणायचे?"

खोटं जिभेवर तयार होतं. पण तोंडाला अशी कोरड पडली की लांबलचक काही बोलताच येईना. खरं दोन शब्दांत मावत होतं.

"आम्ही बौद्ध," म्हटलं.

कोणी ओरडलं नाही, कोणी उठलं नाही. एकीला आपला उपास आठवला. काकूंनी हातातल्या काडीकडे पाहिलं, चीज काढून ताटलीच्या कडेला ठेवलं आणि जाम खाल्ला. माझ्याकडे बघून हसल्यासुद्धा. फळ चाललं. कारखान्यातून डबाबंद आलेलं चीज माझ्या घरात येऊन बाटलं. आईचं म्हणणं इतकं खरं निघेल असं मला वाटलं नव्हतं, आणि त्याचीच फार भीती वाटली.

पुढच्याच महिन्यात काकूंचा मुलगा बिलासपूरहून परत येणार असं कळलं, खोल्या त्याला लागणार होत्या. तो काही आला नाही. आम्ही मात्र शहरातच गुढियारीत गेलो, मालगाड्यांच्या खडखडाटात, आपल्या माणसांत. एकच खोली मिळाली, पण मूर्ती पेटीतून निघाली. पहिल्याच दिवशी शेजारीण सरळ आत आली आणि टोपल्यावरचं फडकं उचलून म्हणाली, "भाकर हाय का वो?" मी रडायलाच लागले. ती बिचारी घाबरून फडकं तसंच टाकून उभी राहिली.

आता आमचं स्वतःचं घर आहे. त्या काड्या मी अजून करते. तेव्हा पोटात होती ती पोट्टी शाळेत गेली, तर तिच्या मैत्रिणी त्याला आंटीची पार्टी डिश म्हणायच्या. लोक वाहवा करतात आणि मी त्यांच्या हाताकडे बघत असते, चीज खातात की बाजूला काढतात. खोड जात नाही.

गेल्या रविवारी पोट्टीचा पुण्याहून फोन आला. नोकरीला लागून महिनाही झाला नाही, भाड्याची खोली. मी मराठीत बोलते, ती हिंदीत, ते तुला माहीतच आहे. "मम्मी, वो चीज़वाला बता दो ना. मकान मालकिन आ रही है."

तिला यातलं काहीच माहीत नाही.  आईची ती मूर्ती मी तिच्यासोबत दिली होती, ती कुठं ठेवलीस, विचारलं. समोरच, टीव्हीशेजारी, म्हणाली.

"काड्या नको करू," मी म्हटलं. "भाकर टाक. गरम."

"मकान मालकिन को भाकर?"

"हव."

ती हसली. फोन चालूच ओट्यावर ठेवून पीठ मळायला लागली, भाकर थापल्याचा आवाज मला ऐकू येत होता.

शीला, तू परवा विचारलंस, आता तुझं घर कोणतं, गोंदिया की रायपूर? ज्या घरात पाहुण्यापुढे भाकर ठेवताना त्याच्या हाताकडे बघावं लागत नाही, ते माझं घर. आईकडे ते अर्धंच होतं. तात्यापाऱ्यात नव्हतं, गुढियारीत होतं. पुण्यात आहे का, ते मी फोन कानाला लावून ऐकत बसले होते. 

बेल वाजली. दार उघडलं. त्या बाईंनी काहीतरी विचारलं. काय विचारलं ते मला समजलं नाही, पण मी ओळखलं, काकूंनी विचारलं होतं तेच. पोट्टीनं उत्तर दिलं, तेही नीट कळलं नाही. तिचा आवाज मात्र कापत नव्हता.