गुणवंतकाकांची तराई

राजापेठेतल्या आमच्या गल्लीत माझ्या गाडीची सीट बारा महिने ओली असायची. क्लासला उशीर झाला म्हणून मी धावत खाली यायचे, किल्ली लावायचे, बसायचे आणि बसल्याबरोबर उठून उभी राहायचे. मग समोरच्या फुलांच्या दुकानातून आवाज यायचा, "बस ना व मास्तरीण, पानीच हाये. तेल थोडीच मारलं."

हे गुणवंतकाका. सत्तरीकडे झुकलेले, काटकुळे, खांद्यावर ओला दुपट्टा आणि हातात पत्र्याची झारी. झेंडू-शेवंतीवर पाणी शिंपडणं हा त्यांचा धंदाच होता, पण फुलं संपली तरी हात काही थांबत नसे. फुलांनंतर दुकानाची पायरी, पायरीनंतर रस्ता आणि रस्त्यानंतर रस्त्यावर उभ्या असलेल्या आमच्या गाड्या. गल्लीतलं कुत्रं झोपेत अंगावर पाणी पडलं तर नुसती कूस बदलायचं. त्याला सवय झाली होती. मला शेवटपर्यंत झाली नाही.

"पानी मारलं काय?" हा जगातल्या कुठल्याही अडचणीवर त्यांचा पहिला प्रश्न. कुणाला ताप आला, पानी मारलं काय. कुणाचा मोबाइल गरम झाला, पानी मारलं काय. माझ्या एका विद्यार्थ्याने ते ऐकून मोबाइलवर खरोखर मारलं, आणि त्याची आई भांडायला माझ्याकडे आली, काकांकडे नाही. दहावीच्या परीक्षेला निघालेल्या मुलांच्या डोक्यावर ते चार थेंब टाकायचे. म्हणायचे, "डोस्कं थंडं असलं का गनित आपोआप सुटते." मी एवढी वर्षं गणित शिकवते आहे, मला हा उपाय कुणी आधी सांगितला असता तर घसा तरी वाचला असता. काकू रागावल्या की काका मुकाट्याने अंगणात सडा टाकायला लागत, आणि त्यांचा राग उतरेपर्यंत अंगणाचा चिखल झालेला असे.

उधळायला पाणी होतं, हेही खरं. घरामागे विहीर होती आणि भर वैशाखातही तिचा तळ दिसत नसे. नळाने दगा दिला की अख्खी गल्ली बादल्या घेऊन त्यांच्या दारात. त्यात मीही. काकांनी कधी कुणाला नाही म्हटलं नाही. फक्त बादली भरून देताना प्रत्येकाच्या पायावर थोडं सांडायचे, आणि ते मुद्दाम होतं असं माझं आजही मत आहे.

या घरात सगळं होतं, एक सून तेवढी नव्हती. मंगेश हा काकांचा एकुलता मुलगा. दुकान तोच सांभाळायचा. स्वभावाने गरीब, बापापेक्षा पुष्कळ कोरडा. पण चौतिशी उलटली तरी लग्न जमत नव्हतं. फुलवाल्याला मुलगी द्यायला लोक आधीच नाकं मुरडतात, त्यात घराची ती माडी. दुकानावर एक मोठी खोली होती आणि तिची जमीन लाकडी. काकांच्या वडिलांनी परतवाड्याहून सागाच्या फळ्या आणून ती घातली होती. मजबूत, पण भारी बोलकी. पाय ठेवला की कर्र, उचलला की कुर्र. दोन फळ्यांमध्ये बोट जाईल अशा फटी. मंगेश कितीदा म्हणाला की फळ्या काढून स्लॅब टाकू. काका म्हणायचे, "माह्या बापानं घातलेलं लाकूड मी काहून काढू? त्यानं तुले चावलं काय?"

आमच्याकडे लग्न ठरायच्या आधी मुलीकडची मंडळी घर पाहायला येतात. घर म्हणजे घरच पाहतात. मोरी, संडास, गच्ची, कपाटाची दारं, सगळं. अंजनगाव सुर्जीची मंडळी आली तेव्हा त्यांना माडीवर बसवलं. आठ-दहा माणसं एकदम चढली, जमीन जी कण्हायला लागली ती थांबेना. मुलीच्या आत्याबाई दचकल्या आणि त्यांचा चहा सांडला. तो फटीतून थेट खाली दुकानात, तयार हारांवर. खाली उभं असलेलं गिऱ्हाईक वर तोंड करून म्हणालं, "काका, आता चहाबी मारून रायले काय?"

दुसऱ्या दिवशी मध्यस्थाचा निरोप आला. "मानसं लय चांगली हायेत म्हने, पन घर हलते. हलत्या घरात आमी पोरगी देत नाई."

त्या संध्याकाळी काकांनी झारी उचलली नाही. माझी गाडी कोरडी होती, म्हणून मीच घाबरून चौकशीला गेले. ते पायरीवर बसले होते. म्हणाले, "मास्तरीण, माह्या हट्टापायी पोराचं लगन अडलं व. थो काई बोलत नाई, याचाच मले लय तरास होते." मग वर माडीकडे पाहून म्हणाले, "लाकूड नाई काढत. वरून टाइल्स मारतो. घराचं बोलनंच बंद करतो." अकोल्याचं एक स्थळ होतं. दसऱ्याची गडबड आटोपली की ते लोक येणार होते.

टाइल्स बसवायला अन्वर मिस्त्री आला. अत्तर लावून, पांढरा शर्ट घालून आणि कानाला फोन चिकटवून काम करणारा हा माणूस. त्याने माडीवर येऊन दोन उड्या मारल्या आणि म्हणाला, "काका, ये तो झूला है." मग त्याने ढिल्या फळ्या स्क्रूने आवळल्या, त्यावर सिमेंटचे जाड बोर्ड ठोकले आणि त्यावर कसल्याशा चिकट लेपाने टाइल्स बसवल्या. पांढऱ्याशुभ्र, गुळगुळीत. जमिनीचा आवाज बंद झाला. काकू नुसत्या इकडून तिकडे चालून पाहत होत्या. टाइल्समधले सांधे तेवढे भरायचे राहिले आणि मिस्त्रीला पातूरला भाच्याच्या लग्नाला जायचं होतं. जाताना त्याने बजावलं, "लकडी फूलती है, काका. टाइल को फूलना नहीं आता. मी येऊन सांधे भरतो, तोवर एक थेंब पाणी नाही पाहिजे."

काकांनी मान हलवली. पण ज्या माणसाने जन्मभर गल्लीतल्या प्रत्येक नव्या भिंतीला, ओट्याला, कुणाच्याही असोत, स्वतः जाऊन पाणी पाजलं, त्याला हे पटणार कसं? सिमेंट म्हटलं की तराई आली. नव्या बांधकामाला पाणी देत राहायचं म्हणजे ते पक्कं होतं, हे आमच्याकडे शेंबडं पोरसुद्धा सांगेल. हे सिमेंट निराळं, ही जमीन निराळी, हे ऐकायला काका तयार नव्हते. मला म्हणाले, "त्याले लग्नाले जायची घाई होती. तराईले मानूस ठेवा लागते ना, म्हनून थो नाई म्हने."

"काका, मिस्त्री सांगून गेला आहे," मी म्हटलं.

"थो टाइल्सचा मिस्त्री. पान्याचा मिस्त्री मी हाये."

आणि सुरू झाली तराई. सकाळ-संध्याकाळ काका झारी घेऊन वर. उघड्या सांध्यांतून पाणी बोर्डात, बोर्डातून फळ्यांत आणि फळ्यांतून खाली दुकानात टपटपायला लागलं. दुसरा एखादा इथे तरी थांबला असता. काकांनी गळतीच्या बरोबर खाली झेंडूच्या टोपल्या सरकवल्या आणि मला बोलावून दाखवलं. "वरून टाइल्सले, खालून झेंडूले. एकाच पान्यात दोन कामं होऊन रायले." इतका आनंदी चेहरा मी त्यांचा आधी पाहिला नव्हता. मी तरी किती बोलणार?

अकोल्याचे पाहुणे यायच्या आदल्या दिवशी दुपारी माडीवर फट् असा आवाज झाला. काकूंना वाटलं सिलिंडर. आम्ही सगळे वर धावलो. फळ्या पिऊन पिऊन फुगल्या होत्या आणि खोलीच्या मधोमध टाइल्स तळलेल्या पापडासारख्या वर उठल्या होत्या. मंगेशने मिस्त्रीला फोन लावला. पलीकडे लग्नाचा बँड वाजत होता. मिस्त्रीने सगळं ऐकलं आणि म्हणाला, "काका, तुमने पानी मारा."

"थोडंसं."

"थोडासा कितना?"

काका हातातल्या झारीकडे पाहत राहिले. मंगेश फोन खिशात टाकून खाली निघून गेला. जिना उतरताना त्याने एकदाही मागे पाहिलं नाही. ते पाहून काका भिंतीला टेकून खाली बसले, आणि मला त्या क्षणी त्यांचा राग येईना. मुलाचं लग्न व्हावं म्हणून हा माणूस म्हातारपणी रोज दोन वेळा जिना चढला होता.

दुसऱ्या दिवशी त्या उंचवट्यावर काकूंनी सतरंजी टाकली. सतरंजीखाली कुणी झोपलंय असं वाटत होतं, पण इलाज नव्हता. पाहुणे आले. मुलीचे वडील, आई आणि मुलगी प्रणितासुद्धा. "राहायचं मले हाये, तं घरबी मीच पाहीन," म्हणून ती स्वतः आली होती. काकूंनी मला मदतीला थांबवून घेतलं होतं. वडील नेमके उंचवट्यावर बसले. टक्. ते सरकले. टक्. त्यांनी खाली वाकून सतरंजीचा कोपरा उचलला आणि पाहतच राहिले. मंगेशने डोळे मिटून घेतले.

काका उठून उभे राहिले. हात जोडून म्हणाले, "पाहुनेबुवा, हे म्या केलं. मिस्त्री नाई म्हने, तरी म्या पानी मारलं. पोराचा काईच दोष नाई. पोरगं माह्यावानी नाई. त्याच्या हातात मी झारी देतच नाई."

"किती मारलं?" पाहुण्यांनी विचारलं.

"सकाळ-संध्याकाळ. कधीमधी दुपारी."

"रोज?"

"रोज."

"टँकर बोलावता?"

"टँकर काहाले? विहीर हाये ना."

पाहुणे एकदम उभे राहिले. "चला, दाखवा."

सगळी वरात मागच्या अंगणात. पाहुण्यांनी स्वतः विहिरीत बादली सोडली. ती लगेच पाण्याला लागली, तसे ते वळून बायकोकडे पाहायला लागले. भरलेली बादली ओढून त्यांनी तोंड धुतलं, ओंजळीने पाणी पिऊन घेतलं. अकोल्याला त्यांच्या कॉलनीत नळ येईल तेव्हा येतो. ज्या दिवशी येतो त्या दिवशी घरातलं एक माणूस कामाला जात नाही, ड्रम भरत बसतं. हे नंतर प्रणितानेच मला सांगितलं. एकदा कॉलेजच्या परीक्षेला ती उशिरा पोहोचली होती, कारण त्या दिवशी नळ आला होता.

"आमच्या घरी या पोरीनं भांडे विसळलेल्या पान्यावर तुळस जगवली," पाहुणे म्हणाले. "अन् तुमी सिमेंटले पाजून रायले."

काकांनी मान खाली घातली. त्यांना वाटलं, झालं, गेलं हेही स्थळ.

"ज्या घरात टाइल्सले इतकं पानी भेटते," पाहुणे पुढे म्हणाले, "त्या घरात माही पोरगी तहानलेली नाई राहनार. घर हलते तं हलू द्या, गुणवंतराव. पसंत हाये."

काकू तिथेच पदर डोळ्यांना लावून रडायला लागल्या. मंगेश विहिरीकडे असा बघत होता जणू ती त्याने पहिल्यांदाच पाहिली. तेवढ्यात प्रणिता म्हणाली, "मलेबी पसंत हाये. पन हे पानी मारनं कोन बंद करनार?" कुणीच पुढे येईना. "मंग मीच करीन," ती म्हणाली, आणि लग्न ठरलं.

तिने शब्द पाळला. लग्न होऊन ती आल्यावर मिस्त्रीने मधल्या टाइल्स पुन्हा बसवल्या तेव्हा झारी कपाटात आणि किल्ली प्रणिताच्या कमरेला. खिडकीजवळच्या दोन सुटलेल्या टाइल्सना मात्र काकांनी हात लावू दिला नाही. पाय पडला की त्या टक् वाजायच्या. "घरानं थोडंसं बोललं पायजे," म्हणायचे. सकाळी फुलांपुरती झारी मिळायची, मग वरून हाक यायची, "बाबा, झारी." काका शहाण्या मुलासारखे ती परत द्यायचे. मला वाटलं, सुटले. पण माझी सीट ओलीच. झारी गेली तर ते खांद्यावरचा दुपट्टा पिळायचे. मी तक्रार घेऊन गेले, तर प्रणिता म्हणाली, "मॅडम, तेवढं एक मी सोडलं हाये. सगळंच बंद केलं तं थे जगतीन कसे?"

गेल्या उन्हाळ्यात काका गेले. फार आजारी नव्हते, थकले होते. शेवटी प्रणिता चमच्याने पाणी पाजत होती. अर्धा चमचा घेतला आणि तिला म्हणाले, "झेंडूले मारलं काय?" ती हो म्हणाली. तेवढ्यावर त्यांचं समाधान झालं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी खाली आले, किल्ली लावली, बसले. सीट कोरडी होती. मी उठले नाही, उठायचं कारणच नव्हतं, आणि तिथेच गाडीवर बसून मी रडले. कोरड्या सीटसाठी रडणारी बाई राजापेठेने पहिल्यांदाच पाहिली असेल.

तेरवी झाली, दुकान उघडलं. त्या सकाळी मी नेहमीसारखी घाईत होते. बसले आणि दचकून उठले. समोर दुकानाच्या पायरीवर प्रणिता पाठमोरी उभी होती, हातात पत्र्याची झारी. माझ्याकडे न पाहताच म्हणाली, "बसा ना मॅडम. पानीच हाये."

मी सीट पुसायला पर्समधून रुमाल काढला नाही. तशीच बसले आणि क्लासला गेले.