भोपळा पक्का, टाळकं कच्चं

थांबा, हातातलं काम जरा बाजूला ठेवा. हे मला आत्ताच सांगायचंय! चुलीवर आमटी आहे, सासूबाई दोनदा हाक मारून गेल्या, पण सकाळी कॅनॉलवर जे बघितलं ते बोलून टाकल्याशिवाय माझ्या हातून आज फोडणीसुद्धा नीट पडायची नाही.

टक टक. टक टक.

आधी भोपळ्यावर, मग पोराच्या डोक्यावर. बोटाच्या पेरानं.

"भोपळा पक्का. टाळकं कच्चं. चल, उतर."

बारामतीच्या कॅनॉलच्या कडेला एक अनोळखी बाई आपल्या पोराच्या पाठीला वाळका भोपळा बांधत होती आणि तिनं हे असं केलं. अगदी असंच! धुता धुता माझ्या हातातलं लुगडं पाण्याबरोबर चाललं तरी मला पत्ता नाही. कारण ही टकटक मी ओळखते. ती एकाच बाईची होती, आणि त्या बाईला जाऊन वर्ष झालं.

ती आमच्या लासुर्ण्याची. नाव सांगत नाही, सांगून उपयोगही नाही, गावात कुणी घेतच नव्हतं. झाडून सगळी पोरं तिला मावशी म्हणायची. उंच, हडकुळी, कपाळ मोकळं, डोक्यावर लिंबाएवढा पांढरा बुचडा. आणि आवाज असा, की तिनं अंगणातून हाक मारली तर दोन मळे पलीकडचा बैल थांबायचा.

तिच्या परसात एक मांडव होता आणि मांडवाला नुसते भोपळे लोंबायचे. दुधी भोपळे, हे एवढाले! कुणी कोवळा बघून भाजीला मागितला की ती अंगावर धावून जायची.

"ह्यो खायाचा न्हाय गं बया, तरायचा हाय!"

वेलावरच वाळू द्यायचा. हलवला की आत बी खुळखुळ वाजलं पाहिजे. मग पोराच्या पाठीला बांधायचा आणि पोराला पाण्यात सोडायचं. आमच्याकडं कॅनॉलचं पाणी पाळीनं येतं. आज कोरडं ठणठणीत, उद्या दोन्ही काठ भरून. बागाईत झाली, ऊस आला, जवळच साखरेचा कारखाना उभा राहायला लागला, सगळ्यांना पाणी गोड लागत होतं. मावशीला तेवढं लागत नव्हतं.

"पान्याला वळख नसती," ती म्हणायची. "पाटलाचं पोर त्याला तसलंच आन् माजं बी तसलंच."

तिचं पोर कॅनॉलनंच नेलं होतं. नऊ-दहा वर्षांचं असेल. म्हशीची शेपटी धरून पलीकडं जायचं, ही आमच्याकडच्या पोरांची नेहमीची गंमत. त्या दिवशी शेपटी सुटली. गावातले एक तात्या चांगले पोहणारे, त्यांनी उडी टाकली, पण ते समोरून गेले. पोरानं घाबरून त्यांच्या गळ्यालाच मिठी मारली. दोघं खाली जायला लागले आणि तात्यांनी मिठी सोडवून घेतली. काय करणार होते ते तरी!

त्या साली मावशीच्या मांडवावर पहिला भोपळा धरला होता. पोराला पोहायला शिकवायचं म्हणूनच बी लावलं होतं तिनं. पोर गेलं तेव्हा तो हिरवा होता. नंतर वाळला.

मग ती देवावर रुसली, आणि रुसली म्हणजे कशी! देव्हाऱ्यातले सगळे टाक उचलले, गाडग्यात घातले, गाडगं आढ्याला टांगलं. "माजं पोर वर धाडलंसा न्हवं? आता तुमी बी वरच ऱ्हावा!" असं म्हणाली म्हणे. आणि देवाच्या रिकाम्या कोनाड्यात तो पहिला भोपळा ठेवला. गाव हादरलं. पुढच्याच उन्हाळ्यात ती तात्यांच्या दारात जाऊन उभी राहिली. तात्यांना वाटलं, आता ही शिव्याशाप देणार. तर म्हणाली, "तात्या, तुमची पायऱ्यांची हीर दुपारची मला द्या. गावातली पोरं पवायला शिकवती." तात्यांनी विहीर दिली.

माझी शिकायची वेळ आली तेव्हा मी अकरा-बारा वर्षांची. आमचे दादा, म्हणजे वडील, तयार नव्हते. "पोरीच्या जातीनं हिरीत उतरायचं? लोक काय म्हंतील?"

मावशी आमच्या मळ्यात येऊन उभी. "दादासायेब, पानी पोरगा-पोरगी बघून बुडिवतंय व्हय?"

"तसं न्हवं, मावशी..."

"मग कसं हाय? सांगा की. मी बसती हितं."

आणि खरंच बसली! बांधावर, उन्हात, पाणीसुद्धा घेईना. तिसऱ्या प्रहरी दादाच हात जोडून म्हणाले, "न्ह्या बाई, न्ह्या तिला, पर उठा आता."

तिची शिकवणी बघायला पाहिजे होती तुम्ही! ती शेवटच्या कोरड्या पायरीवर बसायची, हातात कासरा. कासऱ्याचं दुसरं टोक आमच्या कमरेला. आधी भोपळा हलवायचा, खुळखुळ. मग टकटक भोपळ्यावर, टकटक आमच्या डोक्यावर. "भोपळा पक्का. टाळकं कच्चं. उतर!" मग वरून आरडाओरडा. "पाय मार! हात काय चपात्या करतीस व्हय? अगं पान्याला ढकल, मिठी नगं मारू त्याला!"

आणि एक नियम ती रोज, अगदी रोज म्हणून घ्यायची आमच्याकडून.

"कुनी बुडत असंल तर कुठनं जायाचं?"

"मागनं!" आम्ही सगळ्या.

"कुठं धरायचं?"

"केसाला!"

"आन् म्होरनं गेलं तर?"

"त्यो आपल्याला घिऊन जातो!"

तिच्या स्वतःच्या पायाला पाणी लागलेलं मात्र आम्ही कधी बघितलं नाही. आमची खात्री होती, की मावशी एवढी मोठी पोहणारी आहे की विहीर तिला पुरत नाही. माझी चुलतबहीण सोनी तर शपथेवर सांगायची, मावशीनं भीमेचा पूर एका हातानं कापलाय. दुसऱ्या हातात दिवा होता म्हणे, तो विझलासुद्धा नाही! आम्ही सगळ्यांनी मान डोलावली.

आता ऐका, आमच्या आईनं काय केलं ते.

आमचा मळा लांब, म्हणून माझा भोपळा रात्री आमच्याच घरी असायचा. आई हाडाची शेतकरीण. चांगलं फळ दिसलं की तिच्या हाताला खाज सुटते, ह्याचं बी राखायला पाहिजे! आणि बी तर आत कोंडलेलं, भोपळा फोडल्याशिवाय मिळत नाही. मग तिनं काय करावं? दाभण तापवलं, देठाजवळ एक भोक पाडलं, बिया हलवून हलवून बाहेर काढल्या आणि भोक मेणानं बुजवलं. वर राख चोळली. आणि हुशारी बघा, चार बिया आतच राहू दिल्या! खुळखुळ वाजलं पाहिजे ना, नाहीतर मावशीला कळेल.

दुसऱ्या दिवशी चैत्राच्या उन्हात मी तो भोपळा पाठीला लावून विहिरीपर्यंत चालत गेले. मेण उन्हात काय होतं ते मी सांगायला पाहिजे का?

आणि दिवस नेमका कोणता! "आज कासरा सोडायचा," मावशी म्हणाली. भोपळा हलवला, खुळखुळ. टकटक. माझ्या डोक्यावर टकटक. जरा थांबली. "टाळकं बी पिकत आलंया गं. जा."

मी गेले. मधोमध गेले! अशी ऐट, काय सांगू! आणि पाठीवरचा भोपळा बोलायला लागला. गुड. गुड. गुडगुडगुड. पाठ खाली ओढली गेली, नाकात पाणी, वर आभाळाचा गोल तुकडा, पुन्हा पाणी. मी ओरडले की नाही ते मला आठवत नाही.

धप्प!

मावशीनं उडी मारली होती. लुगड्यासकट.

आणि मी काय बघितलं सांगू? भीमेचा पूर एका हातानं कापणारी आमची मावशी दोन्ही हातांनी पाणी बडवत होती. डोळे मोठे झालेले. बुचडा वर, मग बुचडा खाली. मावशीला पोहता येत नव्हतं! कधीच येत नव्हतं!

मी बुडायचं विसरले. खरंच सांगते, विसरले! अंगावरची दोरी ओढली, भोपळा सुटून गेला, आणि मी पाय मारत होते. पायऱ्यांवरून सोनीनं सूर मारला. कुठनं जायचं ते ठरवावं लागलं नाही. रोज म्हटलेलं होतं ना. दोघी मागनं गेलो, तो लिंबाएवढा बुचडा घट्ट धरला आणि पायरीपर्यंत ओढत आणली तिला.

ती खोकली, पाणी ओकली. मग आमच्याकडं बघत राहिली.

"मावशे, तुला पवता येत न्हाय?" सोनीनं विचारलं.

"न्हाय."

"मग आमाला कसं शिकवलंस गं?"

"बुडत्याला काय लागतं ते मला ठावं हुतं," ती म्हणाली. "पवायला काय लागतं ते तुमचं तुमाला गावलं."

मग म्हणाली, "माज्या केसाला कुनी धरलं?"

"आमी दोघींनी."

"मागनं?"

"मागनंच. तूच सांगतीस की रोज."

ती हसायला लागली. हसता हसता डोळे पुसत होती, आणि ओल्या पदरानं पुसले तर कसे कोरडे होणार!

तेवढ्यात आई धावत आली. कुणीतरी मळ्यात जाऊन सांगितलं होतं. पदरात बिया तशाच बांधलेल्या. मावशीच्या पायावर पडली, "मावशी, म्या बी काढलं हो! माजीच पोर मारली असती म्या!"

आम्हाला वाटलं, आता आवाज फुटणार. दोन मळे पलीकडचा बैल थांबणार.

मावशी म्हणाली, "बी चोरलंस व्हय? मग लाव की बये. पदरात ठिवून काय मोड यायचंत त्याला?"

ती तशीच ओली घरी गेली. आम्ही मागं मागं. कोनाड्यातला तो पहिला भोपळा तिनं खाली घेतला, मांडीवर ठेवला. हलवला. खुळखुळ. बराच वेळ नुसती हलवत बसली. मग उठली आणि उंबऱ्यावर आपटला. एकदा, दोनदा. तिसऱ्यांदा फुटला.

"किती वर्सं कोंडून ठिवला हुता म्या ह्याला," एवढंच बोलली.

आम्हा प्रत्येकीच्या तळहातावर बिया ठेवल्या. "जुनं बी हाय. काय उगवंल, काय न्हाय. लावा. आन् जितं नांदायला जाशिला तितं घिऊन जावा. पानी सगळीकडं हाय."

कोनाडा रिकामा झाला होता. तिनं सोनीला शिडीवर चढवलं आणि आढ्याचं गाडगं खाली काढवलं. देव काळे पडले होते. चिंचेनं घासत बसली आणि घासता घासता खंडोबाच्या टाकाशी भांडत होती, पण आवाज वेगळा होता.

"मी खुळी म्होरनं वाट बघत बसली हुती तुजी. तू मागनं येतुयास व्हय! आन् केसाला धरतोस. म्हनून तर एवढं दुकतंया."

आणि पुढची गंमत सांगायची राहिलीच! त्याच उन्हाळ्यात मावशी पोहायला शिकली. आम्ही शिकवलं! कासोटा घट्ट मारलेला, पाठीला दोन दोन भोपळे, आणि आम्ही कोरड्या पायरीवर कासरा धरून. तिचा भोपळा हलवला. टकटक भोपळ्यावर. मग मी, मी स्वतः, त्या पांढऱ्या डोक्यावर टकटक केलं. "भोपळा पक्का! टाळकं कच्चं! उतर!" अख्खी विहीर हसत होती. वर काठावर तात्या उभे होते. तेही हसत होते, पण तोंड वळवून.

ती शिकली ती बेडकासारखं पोहायला, डोकं वर काढून, शिव्या देत. पण शिकली! आणि त्यानंतर आमच्या गावातलं एकही पोर कॅनॉलनं नेलं नाही.

गेल्या वर्षी थंडीतापानं गेली. मी इथं नांदायला आले होते, मला तिसऱ्या दिवशी कळलं. तिच्या मांडवावर त्या साली लोंबणारे भोपळे कुणी खाल्ले नाहीत, एवढं आई सांगत होती.

आता सकाळचं. मी त्या बाईकडं धावतच गेले. ओले हात, वाहून गेलेलं लुगडं, सगळं सोडून. म्हटलं, "बाई, ही टकटक तुम्ही कुणाकडनं शिकलात? लासुर्ण्याच्या का तुम्ही?"

"न्हाय ओ," ती म्हणाली. "मी निरवांगीची. लासुर्ण्यात आमचं कुनी न्हाय."

"मग हे डोक्यावर टकटक?"

तिनं माझ्याकडं असं बघितलं, जणू मला चूल कशी पेटवतात ते माहीत नाही.

"आमच्याकडं असंच करत्यात," ती म्हणाली. "लई जुनी रीत हाय."

लई जुनी रीत! अहो, त्या रीतीचा बुचडा मी या हातानं धरलाय!

सांगावंसं वाटलं तिला सगळं. तोंड उघडलं आणि मिटलं. तिचं पोर पाण्यात उतरलं होतं, पाय मारत होतं, आणि त्याच्या पाठीवर भोपळा वर-खाली होत होता. आत बी खुळखुळ वाजत असणार.

आता आमटी करपली बहुतेक. पण तुम्ही सांगा, तुमच्याकडं असं झालंय का कधी? सगळे म्हणतात पूर्वीपासून असंच आहे, आणि तुम्हाला मात्र ती बाई आठवते?