पहिला गोळा कोणाचा?

अन्याय माझ्यावर झाला आहे. यंदाच्या अक्षय तृतीयेच्या आदल्या दिवशी, भर दुपारी, वलगावात, आमच्याच घराच्या गच्चीवर. करणारी माझी सख्खी आई. फायदा झाला तो माझ्या वहिनीचा. मी बटर आणायला अमरावतीला गेले होते, तेवढ्यात माझ्या पाठीमागे सगळं उरकलं.

पुण्यात मी एका संघटनेची पत्रकं लिहिते. पाणी, रेशन, दुसऱ्यांचे हक्क. आज स्वतःच्या हक्काचं लिहिते आहे. घरच्यांनी वाचावं आणि माझ्यासारख्या घर सोडून गेलेल्यांनीही.

हक्क कोणता, ते आधी सांगते. उन्हाळ्यात आमच्याकडे तांदळाचे पापड होतात. पिठात मीठ, जिरं, पापडखार घालून ते मोठ्या गंजात शिजवायचं, लाकडी दांड्याने घोटायचं, की चिकट, तार सुटणारी उकड होते. गल्लीतल्या बाया आज हिच्या गच्चीवर, उद्या तिच्या, अशा फिरून एकमेकींचे पापड लाटून देतात. पण लाटायला बसण्याआधी उकडीचा पहिला गोळा घरच्या लेकीच्या तोंडात जातो. हा कायदा कोणी केला, माहीत नाही. आमच्या घरी तो पाळला जायचा, आणि लेक मी एकटीच.

घर सोडलं तो दिवसही पापडांचाच होता. बाबा गाडीला माझी बॅग बांधून दारात उभे. बडनेऱ्याहून सुटणारी रेल्वे चुकेल म्हणून हॉर्नवर हॉर्न. आई उकड सोडून येईना. शेवटी आली ती दोन्ही हात कोपरापर्यंत तेलाचे घेऊन. त्या हातांनी जवळ घेता येईना, म्हणून तिने गोळाच माझ्या तोंडात कोंबला. "गरम हाये, फुकून खाय," म्हणाली. कोंबल्यावर! टाळू भाजली. बडनेऱ्यापर्यंत मी जिभेने ती भाजलेली जागा चाचपत राहिले, त्यात रडायचं राहून गेलं.

पुढच्या वर्षी दादाचं लग्न झालं. वहिनी तेल्हाऱ्याची. त्या उन्हाळ्यात मला पापडांना सुटी मिळाली नाही. फॅमिली ग्रुपवर फोटो आला. आईच्या उजव्या हाताला, माझ्या पाटावर, वहिनी बसलेली. एक गाल फुगलेला. गाल काहून फुगला होता, हे मला कोणी सांगायची गरज नव्हती. मी त्या फोटोला अंगठा पाठवला आणि दिवसभर कोणाशी धड बोलले नाही.

मग एकदा माझ्या खोलीतली मैत्रीण कुठल्याशा कॅफेतून कुकीजचा डबा घेऊन आली. "आत मोची आहे," म्हणाली. जपानी लोक चिकट तांदळाचा गोळा करतात, ती मोची. बाहेरून कुरकुरीत बिस्किट, आत दात रुतला की ताणतच जातं. कसला जपान घेऊन बसलात! ही तर आमची उकड, नुसती गोड केलेली. आमच्या गच्चीवर जी तोंडात कोंबतात, तीच इथे काचेच्या कपाटात दिवा लावून ठेवलेली. मला भयंकर राग आला आणि मी दुसरी कुकी उचलली.

त्या रविवारपासून मी त्या कुकीजच्या मागे लागले. चिकट तांदळाचं पीठ दूध-साखरेत शिजवायचं, गार झालं की गोळ्या करायच्या, त्यांच्यावर बटरच्या पिठाचं जाड अस्तर द्यायचं, मग छोट्या ओव्हनमध्ये भाजायचं. पहिल्या घाण्याला मोची फुटून ट्रेला चिकटली. ती चाकूने खरवडून खाल्ली. हळूहळू जमायला लागलं. आणि जमल्याबरोबर मनात आलं की वहिनीला हे येत नाही. लपवत नाही, याच एका विचाराने मी यंदा चिकट तांदळाच्या पिठाची पिशवी बॅगेत टाकून, ओव्हन मांडीवर घेऊन रेल्वेत बसले.

तर तो दिवस. अमरावतीहून बटर घेऊन परतले, गच्चीवर चढले. बायांचं कोंडाळं, मधे आई गोळे मळतेय. तिच्या पाटाखाली माझ्या पिठाची रिकामी पिशवी.

"आई, हे माझं पीठ होतं!"

"तांदयाचंच होतं न? घरचं कमी पडून राह्यलं होतं. तांदयाच्या पिठाची उकड नाही करन तं का करन?"

"त्यात जिरं घातलंस?"

"पापडखारही घातला," आई म्हणाली, जणू माझ्यावर उपकार.

"आणि पहिला गोळा?"

आई मळत राहिली. मी वहिनीकडे पाहिलं. गाल फुगलेला.

"तू नव्हती न इथं," आई म्हणाली. "उकड थांबत नाही बाई. गार झाली का लाटी फाटते."

तेवढ्यात शेजारच्या काकू बोलल्या, "काहून चिडून राह्यली वो ही पुणेवाली? तेल्हारेवालीनं खाल्लं तं का झालं? घरचीच हाये थे."

आमच्याकडे लग्न होऊन आलेल्या बाईला तिच्या माहेरच्या गावाने ओळखतात. म्हणून वहिनी तेल्हारेवाली, काकू स्वतः धामणगाववाली. गावाचं नाव लागतं ते बाहेरून आलेलीला. मी याच गच्चीवर पापडांची राखण करत, कावळे हाकलत मोठी झाले, आणि मले पुणेवाली! म्हणजे बाहेरून आलेली ती घरची आणि घरातली मी बाहेरची. एवढ्यावर माझी सही कोणी घेतली होती?

मी म्हटलं, माझं पीठ वाया गेलं, खारट मोची कोण खाणार. वहिनी म्हणाली, "ताई, थांबा न. बेकरीत खारी बिस्किटं नाही का भेटत? तशीच करू." तिने माझं बटर घेतलं, मैदा घेतला, तीळ घातले, आत उकडीची गोळी भरली. माझा ओव्हन लावला तर लाईट गेली. मग तिने गंजात मिठाचा थर दिला, त्यावर ताटली ठेवली, झाकणावर चुलीतले निखारे मांडले. मी दोनदा म्हटलं, असं भाजत नाही.

भाजलं. बाहेरून खुसखुशीत, आत जिऱ्याची चिकट उकड, दाताला धरून ठेवणारी. माझ्या पुण्याच्या कुकीजपेक्षा चांगलं झालं होतं. हे मी तिथे बोलले नाही, इथे लिहिते आहे. बाबा वांगी तोडून आले, उभ्या उभ्या खाल्लं आणि म्हणाले, "तुया पुण्याच्यापेक्षा हे चांगलं लागून राह्यलं." पुण्याचं त्यांनी कधी खाल्लंच नाही! काकूंनी तर पदरात चार बांधून घेतली आणि जाहीर केलं, "तेल्हारेवालीचे बिस्कुट मस्त झाले."

पीठ माझं, बटर माझं, डोकं माझं, आणि नाव तेल्हाऱ्याचं.

संध्याकाळी मी स्वयंपाकघरात एकटी ओव्हन खोक्यात भरत होते. वहिनी आली. हातात वाटी, वर ओलं फडकं. "ताई, तुमच्या वाट्याचा. मीनं बाजूले काढला होता."

"गार उकड कोण खातं, वहिनी?"

"गार हाये, पन नरम हाये. पाहा न."

बोटाने ओढला. तार सुटली. आमच्या साध्या तांदळाची उकड एव्हाना दगड झाली असती, ही माझ्या चिकट पिठाची होती. आई वाकून बघायला आली, तिनेही गोळा दाबून पाहिला आणि म्हणाली, "अवो माय! हे तं थांबली."

मी तो गोळा खाल्ला. छान होता, त्यानेच जास्त जळले. त्या बाईने मला भांडायलाही जागा ठेवली नाही.

पुण्यात मी वलगावची, वलगावात मी पुणेवाली. मधल्या मधे घर केवढं उरलं? आईच्या तेलकट हाताएवढं. पाट वहिनीने घ्यावा, बिस्किटांना नाव तेल्हाऱ्याचं द्यावं, तो हात मी कोणालाही देणार नाही. वहिनीने वाटीत झाकून ठेवलं, तिचं भलं होवो. मला वाटी नको.

तेव्हा आई, तुला आणि हे वाचणाऱ्या प्रत्येक घराला माझी मागणी आहे. उकड थांबत नाही ही सबब आता संपली. चिकट तांदळाचं पीठ मी पाठवते. पुढच्या उन्हाळ्यात पहिला गोळा ओल्या फडक्याखाली झाका, आणि गेलेली लेक गच्चीचा जिना चढून येईपर्यंत कोणाच्याही तोंडात घालू नका. ती आली की स्वतः उठा, स्वतः भरवा. आणि भरवण्याआधी हात पुसू नका.