उंदराचं औषध

माझ्या बायकोला हे माहीत नाही. ताईला नाही. ज्या दैनिकाच्या यवतमाळ कार्यालयात मी एकवीस वर्षं बातम्या लिहिल्या, तिथंही कोणाला नाही. तुम्हाला सांगतो आहे — का, ते मलाच नीट कळलेलं नाही. तुम्ही मला ओळखत नाही, हे एक कारण असू शकेल.

एका शब्दापासून सुरुवात करावी लागेल. आमच्या जिल्ह्यात 'औषध' म्हणजे आधी फवारणीचं विष. कापसावर मारतात ते औषध. दवाखान्यात मिळते ती गोळी. 'अमक्यानं औषध घेतलं' असं कोणी म्हटलं, तर तो आता बरा होईल असा अर्थ आमच्याकडे कोणी काढत नाही. कापसाच्या त्या वाईट वर्षांत हे वाक्य कार्यालयाच्या फोनवर सारखं येई. मी गाव, वय, मागं कोण कोण, एवढं विचारून लिहून घेई. दुपारी चारला मुख्य कार्यालयाचा फोन. पलीकडचा माणूस नमस्कारही म्हणत नसे. "आज किती?" एवढंच.

भाऊजी औषधवाले होते. ढाणकीच्या बाजारात त्यांचं कृषी केंद्र — बियाणं, खत, औषध. माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान. अंगानं दांडगे, आवाजानं त्याहून. 'ते मला आवडत नसत' असं मी आधी लिहिलं होतं. खोडलं. मी त्यांचा द्वेष करत होतो.

कशासाठी? एकदा बाजाराच्या दिवशी मी त्यांच्या दुकानात गेलो. जवळच्या एका गावात माणूस गेला होता. बाटली याच दुकानातली असल्याचं गावात बोललं जात होतं. मला त्यांचं म्हणणं हवं होतं. गिऱ्हाइकांची गर्दी होती. मी वही काढली आणि ते गल्ल्यामागून ओरडले, "आले पाहा आमचे साळेसाहेब! कोनी मेल्याबिगर येत नाही हा मानूस! काय साळेसाहेब, आज किती?"

सगळे हसले. ज्यांच्या गावात माणूस गेला होता, तेही हसले असावेत — मी वर पाहिलं नाही. मुख्य कार्यालयाचे शब्द त्यांना कुठून मिळाले? कुठूनच नाही. त्यांनी अंदाजानं मारलं आणि बरोबर लागलं. त्यानंतर लग्नात, बारशात, तेराव्याला, जिथं भेटतील तिथं तेच — "आज किती?" साळ्या-मेहुण्याची थट्टा, तिला राग मानायचा नसतो. मीही मानला नाही. साठवला.

मग त्यांच्या हृदयाची झडप — ते 'वाल' म्हणत — खराब निघाली. नागपूरला ऑपरेशन झालं. झडप दोन प्रकारची बसवता येते, असं डॉक्टरांनी सांगितलं होतं — धातूची बसवली तर रक्त पातळ ठेवायची गोळी जन्मभर. जनावराच्या ऊतीपासून केलेली बसवली तर बहुधा सुरुवातीचे तीन महिने. जन्मभर कोण गोळ्या खाणार, म्हणून भाऊजींनी दुसरी घेतली. तीन महिने गोळी, आणि दर पंधरा दिवसांनी रक्ताची तपासणी — रक्त फार पातळ तर होत नाही ना, गोळी कमी तर पडत नाही ना. ढाणकीहून नांदेड जवळ पडलं असतं. पण ताई म्हणाली, तपासणी यवतमाळलाच करायची. तिथं भाऊ आहे, तो शिकलेला आहे, कागद वाचेल.

मी कागद वाचले. सगळे वाचले. हे लक्षात ठेवा. गोळी का द्यायची, हे मला त्या घरातल्या कोणाहूनही नीट माहीत होतं. नवी झडप शरीराला परकी असते. तिच्यावर आपल्या शरीराचं अस्तर चढेपर्यंत तिथं रक्ताची गुठळी धरू शकते, आणि सुटली तर मेंदूत जाऊ शकते. तेवढे महिने गोळी राखण करते. आमच्या आरोग्य पुरवणीसाठी मी हाच मजकूर एकदा सोप्या मराठीत लिहिला होता. चांगला लिहिला होता.

तिसऱ्या तपासणीच्या दिवशी, दुपारी, भाऊजी माझ्या घरी खुर्चीत बसले होते. ऑपरेशननं बारीक झाले होते; आवाज मात्र तोच. ताई आत माझ्या बायकोबरोबर होती. मी रिपोर्ट हातात दिला. त्यांनी न पाहता खिशात घातला.

"काय साळेसाहेब, आज किती?"

मी बाकीचे कागद फाइलीत लावले.

"बरं, हे तरी सांगा. वाल तं जनावराचा बसवला. चांगल्यातला. मंग हे गोळी कायले पाह्यजे मले? हाय काय ते?"

उत्तर दोन वाक्यांचं होतं. मी एक दिलं.

"उंदराचं औषध आहे ते, भाऊजी. तुम्ही विकता ना, त्यातलंच."

वाक्य खोटं नव्हतं. रक्त गोठू न देणाऱ्या औषधांचं हे कुळच असं — मापात दिलं तर गोळी, बेसुमार दिलं तर उंदराचं विष. माझ्या पेशात अशा वाक्याला कोणी खोटं म्हणत नाही. फार तर अपुरं म्हणतात. पण अपुरं कोणापुढं? भाऊजींच्या दुकानात खालच्या फळीवर त्या वड्या असत. गिऱ्हाइकाला ते काय सांगत, मी स्वतः ऐकलं होतं — उंदीर लगेच मरत नाही, आतल्या आत रक्त जाऊन चार दिवसांनी मरते. मी त्यांना काहीच नवं सांगितलं नाही. त्यांचंच ज्ञान त्यांच्या हातात दिलं, आणि मापाचं वाक्य माझ्याजवळ ठेवून घेतलं.

ते हसले. नंतर हसू थांबलं. हात खिशावर गेला. "दात घासताना रक्त येऊन राह्यलं दोन दिवसांपासून," ते हळू म्हणाले. असं थोडं रक्त त्या गोळीनं येऊ शकतं, डॉक्टरला सांगायचं असतं, ते मात्रा बघतात — हेही मला माहीत होतं. मी म्हटलं, "येणारच."

मला कसं वाटलं? लिहायला हवं. बरं वाटलं. त्या माणसाला भ्यालेलं मी पहिल्यांदा पाहत होतो.

तुम्ही म्हणाल, एक वाक्य तोंडून गेलं; रागात जातं. नाही. खरी गोष्ट याच्या पुढं आहे.

आठवड्यानं ताईचा फोन आला. "भाऊ, हे गोळी खाऊनच नाही राह्यले. काहून म्हटलं तं वसकन अंगावर येते. तू समजाव ना. तुयं ऐकतीन ते." म्हणजे भाऊजींनी तिला कारण सांगितलं नव्हतं. सांगणार तरी कसे? जन्मभर औषध विकणारा माणूस औषधाला भ्याला, हे बायकोपुढं कसं बोलायचं? मला सगळं कळलं. एक फोन, ते राहिलेलं दुसरं वाक्य, अर्धा मिनिट. मी म्हटलं, "सांगतो." फोन ठेवला.

सांगितलं नाही. दुसऱ्या दिवशी नाही, त्याच्या दुसऱ्या दिवशी नाही. विसरलो का? मी विसरत नाही. माझं काम ते आहे. मला त्यांची भीती आणखी थोडे दिवस हवी होती. त्यांनी मला विचारावं, दबलेल्या आवाजात विचारावं, मग मी सांगणार होतो. पुढच्या तपासणीला येतील तेव्हा. तपासणीचा दिवस आला. ते आले नाहीत. मी त्या दिवशी कार्यालयात बसून पावणेचार स्तंभांचा मजकूर तपासला. ताईला फोन केला नाही. असे नऊ दिवस.

दहाव्या दिवशी दुपारी उमरखेडकडच्या आमच्या वार्ताहराचा फोन आला. "साहेब, बातमी घ्या. ढाणकीच्या कृषी केंद्रवाल्यानं औषध घेतलं म्हणते. तोंड वाकडं झालं, बोलता येऊन नाही राह्यलं. नांदेडले नेलं."

"घेतलं नाही," मी म्हणालो.

काही विचारण्याआधी म्हणालो. त्यानं विचारलं, "तुमाले कसं माहीत, साहेब?"

इतक्या वर्षांत मला विचारलेला तेवढाच एक खरा प्रश्न. मी म्हटलं, "नातेवाईक आहेत माझे. आजारपण आहे. बातमी नाही." त्यानं माफी मागितली. बाजारात आठ दिवस तेच बोललं जात होतं — औषधवाल्यानं औषध घेतलं. ताई जो भेटेल त्याला सांगत होती, नाही हो, घेतलं नाही, घेतलं नाही म्हणूनच झालं. लोकांना ते कळत नव्हतं.

नांदेडच्या डॉक्टरांनी सांगितलं, गुठळी मेंदूत गेली. त्यांनी विचारलं, "गोळी कोणी बंद केली?" ताई म्हणाली, "कोनी नाही. त्यायच्या मनानंच." मी तिच्या शेजारी उभा होतो, फाइल माझ्याच हातात होती. डॉक्टर हेही म्हणाले की गोळी चालू असती तर हे झालंच नसतं, असं छातीठोक सांगता येत नाही. ते वाक्य मी बरीच वर्षं जवळ बाळगलं. इथं ते केवळ नोंद म्हणून देतो.

भाऊजी त्यानंतर सहा वर्षं जगले. उजवी बाजू गेली. बोलणं गेलं; एकच शब्द राहिला. पाणी हवं असलं तरी तो, दार लावायचं असलं तरी तो, दुखलं तरी तो — "किती?" लोक म्हणत, दुकानदार माणूस, भावच विचारणार. ताईही तसंच समजे.

सहाही भाऊबिजांना मी ढाणकीला गेलो. ताई मला ओवाळी. समोर भाऊजींची खुर्ची असे. ताटातली ज्योत माझ्या तोंडापुढून फिरत असताना ते डावा हात उचलत, बोट माझ्याकडे करत आणि सगळा जोर लावून म्हणत, "किती?" त्यांना ते वाक्य आठवत होतं की नाही, मी सांगू शकत नाही. ताई हसून म्हणे, "पगार किती झाला म्हणते तुया." मीही हसे. पेढा तोंडात असे.

ते गेले तेव्हा चार ओळींची बातमी मीच लिहिली. 'दीर्घ आजाराने' असं लिहिलं. तेही खोटं नव्हतं.

त्यांच्या प्रश्नाला मी शेवटपर्यंत उत्तर दिलं नाही. उत्तर मला पहिल्या भाऊबिजेपासून माहीत होतं.

एक.